डावखुरा पेटीवाला

१

चोरी झाली होती आणि चोरीचा माल अख्ख्या गावाच्या तोंडात होता.

शाळेच्या बसमध्ये होता, लग्नाच्या बँडमध्ये होता, दाढी करणाऱ्या नवऱ्यांच्या साबण लागलेल्या ओठांवर होता. 'शिडी लाव चंद्राला' हे गाणं येत नाही असा माणूस शोधून दाखवा. सापडलाच तर तो बहिरा निघेल, आणि तोसुद्धा ताल धरेल. अशा मालाची चोरी झाली म्हणून तक्रार घेऊन एक सूनबाई विश्वकोशाच्या कचेरीचे तीन मजले चढून आली आणि धापा टाकत टाचणीच्या टेबलासमोर बसली.

टाचणी म्हणजे कोशातली तपासनीस. खरं नाव पगाराच्या दिवशी वापरात यायचं, एरवी टाचणीच. कोशात छापायच्या प्रत्येक वाक्याखाली आधार लागतो. आधार पटला नाही की ही बाई कागदाला चिठ्ठी टाचायची, आणि चिठ्ठीवर एकच शब्द असायचा: 'कशावरून?' नवरा म्हणायचा, हिने लग्नालाही चिठ्ठी टाचली होती, मी अजून आधार शोधतोय.

सूनबाईंचं म्हणणं थोडक्यात असं. गाणं तिच्या सासूबाईंचं. सासूबाई तरुणपणी एका नाटक मंडळीत शिंपीण होत्या, कपडे शिवता शिवता त्यांनी ते जुळवलं. कोशात मात्र छापलंय की गाणं मंडळीच्या मालकांनी रचलं. इतकी वर्षं म्हातारीने मनाला लावून घेतलं नव्हतं. पण नातीने शाळेत सांगितलं, हे माझ्या आजीचं गाणं, तर बाईंनी भर वर्गात कोश उघडून दाखवला आणि म्हणाल्या, खोटं बोलू नये.

"तेव्हापासून सासूबाई गात नाहीत," सूनबाई म्हणाली. "आमच्याकडे सकाळी दूधवाल्याच्या आधी त्यांचा आवाज यायचा. आता नात त्यांच्याकडे बघते आणि त्या भिंतीकडे बघतात. स्वतःच्या घरात खोटारडी ठरली हो म्हातारी."

टाचणीने विचारलं, काही आधार? सूनबाईने पिशवीतून एका बंद पडलेल्या मासिकाचा अंक काढला. त्यात मंडळीतल्या नायिकेची मुलाखत होती. ती गायिका आता हयात नव्हती, पण छापील शब्द हयात होते: 'शिडीचं गाणं आमच्या शिंपीणबाईंचं. पहिल्यांदा म्हटलं तेव्हा पेटीची साथसुद्धा नव्हती, नुसत्या टाळ्यांवर म्हटलं.'

"हे तुमच्याकडे मागेच पाठवलं होतं," सूनबाई म्हणाली. "परत आलं. वर लाल शाईत शेरा मारलाय, तुम्हीच वाचा."

टाचणीने अंक उलटला. लाल शाई तिच्या ओळखीची होती. मुख्य संपादकांची.

शेरा होता: 'साक्षीदार अविश्वसनीय.'

२

मुख्य संपादकांना सगळे पूर्णविराम म्हणत. ते बोलले की विषय संपायचा. मनाने वाईट नव्हते, फक्त उघड्या फायलीकडे बघवायचं नाही त्यांना.

टाचणीने विचारलं की ज्या बाईने गाणं स्वतः रंगमंचावर म्हटलं ती अविश्वसनीय कशी. पूर्णविरामांनी चष्मा पुसला. लहान मुलाला पाढा शिकवावा तसं समजावलं. पहिल्या प्रयोगाची हकीकत तीन पुस्तकांत आहे. एक प्राध्यापकांचं, एक रेडिओवरच्या निवेदकाचं, एक मालकांच्या नातवाचं. तिन्हींत लिहिलंय की साथीला डावखुरा पेटीवाला होता, उजव्या हाताने भाता मारायचा आणि डाव्या हाताने पट्ट्या दाबायचा. आणि ही बाई म्हणते, पेटीच नव्हती. जिला एवढा मोठा पेटीवाला दिसला नाही, तिला गाणं कोणी लिहिलं ते काय दिसणार?

"तीन विरुद्ध एक," ते म्हणाले. "आणि शुक्रवारी खंड छापायला जातोय."

"साहेब, म्हातारी जिवंत आहे."

"म्हणून तर. जिवंत माणसाच्या शब्दावर कोश चालवला तर उद्या माझी मेहुणी येऊन सांगेल की चंद्र तिचा आहे."

टाचणी उठली. हिशेब बरोबर होता आणि तरी दाढेत काहीतरी अडकल्यासारखं वाटत होतं. त्यात बाहेर झाडू मारणारा तेच गाणं शिट्टीवर वाजवत होता. तिने त्याला गप्प बसायला सांगितलं, आणि तो एवढा दचकला की तिलाच ओशाळल्यासारखं झालं.

तीन पुस्तकं, तीन माणसं, तिघंही हयात. विचारायला काय जातंय?

बरंच काही जाणार होतं. मुख्य म्हणजे डोकं.

३

प्राध्यापकांनी तिला बसवलं, पाणी दिलं आणि नाट्यसंगीताच्या उगमापासून सुरुवात केली. टाचणीने तीनदा त्यांना शिडीच्या गाण्यापाशी ओढून आणलं आणि तीनदा ते शेपटी सोडवून पळाले. शेवटी तिने नेमकं विचारलं: डावखुरा पेटीवाला तुम्हाला कुठे भेटला?

निवेदकांच्या पुस्तकात, असं ते म्हणाले. निवेदक स्वतः मंडळीतल्या लोकांना भेटलेला माणूस आहे, त्याच्या शब्दाला वजन आहे.

वजनदार निवेदक गावाच्या दुसऱ्या टोकाला राहायचे. लिफ्ट बंद. आवाज अजून मखमली होता आणि दाराबाहेरच्या बाईला पायरीवर उभं ठेवून त्यांनी त्या आवाजात संपूर्ण गाणं म्हणून दाखवलं. टाचणीने दात आवळून टाळ्या वाजवल्या आणि पेटीवाल्याचं विचारलं.

तो तपशील नातवाच्या पुस्तकातला, ते म्हणाले. घरचाच माणूस तो, त्याहून पक्कं काय असणार?

"पण तुम्ही मंडळीतल्या लोकांना भेटला होता ना?"

"भेटलो की. गाडीत बसताना. हात हलवला त्यांनी." निवेदकांनी हात हलवून दाखवला. फार सुंदर हलवला.

उतरताना टाचणीने मनातल्या मनात दोघांच्याही सात पिढ्यांना चिठ्ठ्या टाचल्या. एक दुसऱ्याकडे बोट दाखवतो, दुसरा तिसऱ्याकडे. आंधळ्यांची माळ चाललीय आणि पुढचा कुठे चाललाय ते कोणालाच माहीत नाही. पण पुढचा डोळस असला तर? नातवाला त्याच्या आजोबांनी खरंच सांगितलं असलं तर म्हातारीचं काम संपलं.

घरी नवरा भांडी घासत होता. गुणगुणत. कोणतं गाणं ते सांगायला नको.

"पुन्हा म्हटलंस तर माहेरी जाईन," टाचणी म्हणाली.

"तुझी आई कालच येऊन गेली," नवरा म्हणाला, "म्हणाली, पाठवू नका."

४

नातवाने आजोबांच्या घराची पुढची खोली नाटकाच्या आठवणींनी भरून ठेवली होती. मुकुट, तलवारी, काचेखाली मिशा. माणूस गोड होता. टाचणीला वाटलं होतं गुर्मी असेल, पण तो तिच्या मागे मागे फिरत प्रत्येक वस्तूची धूळ स्वतःच्या बाहीने पुसत होता.

भिंतीवर त्या नाटकाची जुनी जाहिरात फ्रेम करून लावलेली होती. लेखन, गीते, नेपथ्य, वेशभूषा, सगळ्यांपुढे एकच नाव, मालकांचं.

"वेशभूषासुद्धा?" टाचणीने विचारलं.

नातू हसला. म्हणाला, जाहिरातीत तसंच असायचं हो, मंडळी त्यांची होती ना. आजोबांना सुई ओवता यायची नाही. कपडे सगळे त्या शिंपीणबाईच शिवायच्या.

कोपऱ्यात मंडळीची पेटी होती. लहान कपाटाएवढी, काळी, खाली दोन रुंद पायट्या. नातवाने अभिमानाने सांगितलं की पहिल्या नाटकापासून शेवटच्यापर्यंत मंडळीत हीच एक पेटी. दुसरी घेतलीच नाही, आजोबांना परवडायची नाही. वाजवून बघा म्हणाला.

टाचणीने एक पट्टी दाबली. काही नाही. 

"पाय," नातू म्हणाला. "पायट्या मारा. त्याशिवाय वारा भरत नाही."

तिने पायट्या मारल्या, पेटी दम लागलेल्या म्हशीसारखी हंबरली आणि नातू खूश झाला.

मग तिने जे विचारायला आली होती ते विचारलं. डावखुऱ्या पेटीवाल्याचं तुम्हाला कोणी सांगितलं?

"आजोबा सांगायचे," नातू म्हणाला. पटकन म्हणाला. गाणंही आजोबांनीच रचलं, तेही ते सांगायचे.

झालं. टाचणी बाहेर आली. तिसरा साक्षीदार घरचा होता, आजोबांच्या मांडीवर बसून ऐकलेलं सांगत होता. तिने फोन काढला आणि सूनबाईला काय सांगावं याची जुळवाजुळव करत रस्ता ओलांडू लागली. एका सायकलवाल्याने तिला शिवी दिली. तिनेही एक परत दिली. सायकलवाला एका पायाने पायडल मारत, दुसरा जमिनीवर घासत निघून गेला.

टाचणी रस्त्याच्या मधोमध थांबली.

पायाने.

मागच्या गाडीने भोंगा वाजवला. ऐकायला कोण मोकळं होतं?

५

ती उलटी फिरली आणि नातवाची बेल दाबून धरली.

"तुमच्या पुस्तकात," ती म्हणाली, "पेटीवाला उजव्या हाताने भाता मारतो."

"हो."

"कुठला भाता?"

नातवाने तोंड उघडलं. पेटीकडे बघितलं. पायट्यांकडे बघितलं. तोंड मिटलं. एवढी वर्षं जिची धूळ पुसली तिला हाताचा भाता नाही, हे त्या भल्या माणसाला आत्ता दिसत होतं. या पेटीवर दोन्ही हात पट्ट्यांवरच असणार, वाजवणारा डावखुरा की उजवा हे त्याच्या बायकोलाही कळलं नसतं.

तो खुर्चीत बसला. आजोबांनी पेटीवाल्याचं असं काही सांगितलं नव्हतं, हे त्याने कबूल केलं. आजोबा गेले तेव्हा तो पाच वर्षांचा होता, त्यांनी त्याला सांगितलेली एकच गोष्ट आठवते, नाकात बोट घालू नकोस. पुस्तक लिहायचं ठरलं तेव्हा हाताशी काही नव्हतं.

"मग कुठून घेतलंत?"

त्याने मान खाली घातली आणि बोट टाचणीकडेच केलं.

"तुमच्याकडून. कोशातून. जुन्या आवृत्तीतून."

टाचणीने बोटांवर मोजलं. प्राध्यापक निवेदकाकडून, निवेदक नातवाकडून, नातू कोशाकडून. आणि कोश आता त्या तिघांना साक्षीला उभं करून म्हातारीला खोटं पाडत होता. तीन विरुद्ध एक कसले? आरशासमोर उभं राहून मोजलेली माणसं ती.

पण मग कोशात डावखुरा पेटीवाला आला कुठून?

६

जुन्या आवृत्तीचे संपादक निवृत्त होऊन कुंड्यांत मिरच्या लावत होते. त्यांना अजून सगळे थोरले म्हणत. टाचणीने पेटीवाल्याचं नाव काढताच म्हाताऱ्याच्या तोंडावर असा आनंद पसरला की जणू हरवलेला पोरगा घरी आला.

"अजून जिवंत आहे तो?" त्यांनी विचारलं. "किती जणांनी ढापला?"

तो त्यांचा खडा होता. कोशातले लेख लोक न विचारता उचलतात, स्वतःच्या नावाने छापतात, आणि पकडलं की म्हणतात आम्हीही तेच शोधून काढलं. म्हणून थोरले प्रत्येक खंडात एखादी निरुपद्रवी थाप मिसळून द्यायचे. तांदळात खडा टाकावा तशी. खरी गोष्ट दोघांना सापडू शकते, थाप दोघांना कशी सापडेल? ज्याच्या दाताखाली खडा, तो चोर. एका प्रकाशकाला त्यांनी असं भर सभेत पकडलं होतं, ती हकीकत त्यांनी अभिनयासकट सांगितली.

"आणि हे कोणाला सांगून ठेवलं होतंत?" टाचणीने विचारलं.

"सांगितल्यावर खडा कसला?"

टाचणी हसली नाही. तिने त्यांना म्हातारीचं सांगितलं. एका बाईने खरं सांगितलं होतं, पेटी नव्हती. तुमच्या खड्याशी तिचं जुळेना म्हणून आम्ही तिला हाकललं. ज्यांनी तुमचा खडा गिळला ते तिघे विश्वासू ठरले आणि जिने गिळला नाही ती अविश्वसनीय. चोर पकडायचा सापळा तुमचा, आणि त्यात पाय अडकला एकट्या साक्षीदाराचा.

थोरल्यांच्या हातातली झारी कुंडीबाहेर सांडत राहिली. चप्पल भिजली तरी त्यांना कळलं नाही. मग ते म्हणाले की मालकांचं नाव ही मात्र थाप नव्हती. ते त्यांनी नाटकाच्या जाहिरातीवरून घेतलं होतं.

"भिंतीवर आहे ती? लेखन, गीते, नेपथ्य, वेशभूषा?"

"तीच."

"मालकांना सुई ओवता येत नव्हती," टाचणी म्हणाली आणि निघाली.

७

पूर्णविरामांनी सगळं ऐकून घेतलं. मधे फक्त एकदा डोळे मिटले, थोरल्यांचं नाव आलं तेव्हा.

टाचणीने मांडलं ते असं. तीन पुस्तकं म्हणजे आपलाच लेख तीन वेळा धुऊन वाळत घातलेला. तीन वजा तीन, शून्य. उरली जाहिरात. ती कपड्यांचं श्रेयही मालकांना देते, आणि ते खोटं आहे हे मालकांचा नातूच सांगतो. तेव्हा जाहिरातीवरचं नाव म्हणजे मालकी, काम नव्हे. आता उरते गायिका. ती तिथे होती, तिला यातून काही मिळणार नव्हतं, आणि ज्या एका मुद्द्यावर आपण तिला खोटं ठरवलं तो मुद्दा आपणच बनवलेला होता. 

पूर्णविरामांनी पेन उचललं आणि लिहिलं: 'हे गीत मंडळीतील शिंपीणबाईंनी रचल्याचा दावा केला जातो.'

टाचणीचा पारा चढला. एवढी पायपीट, एवढे जिने, आणि शेवटी हे.

"दावा कोण करतं, साहेब? दावा कोर्टात करतात. मालकांच्या नावापुढे आपण इतकी वर्षं 'रचले' छापलं, तेव्हा दावा नाही सुचला. ते वाक्य वर्गात वाचलं गेलं तर पोरीला कळेल की आजी अजून संशयित आहे."

"मग 'असे मानले जाते'?"

"कोण मानतं?"

"'असे सांगतात'?"

"साहेब, एकतर रचलं म्हणा, नाहीतर माहीत नाही म्हणा. मधे लोंबकळायला कोश म्हणजे कपडे वाळत घालायची दोरी नाही."

त्यांनी तिच्याकडे बघितलं. मग सगळं खोडलं, आणि हरलेला माणूस उदार होतो तसे उदार होऊन लिहिलं: 'या गीताचे शब्द आणि चाल मंडळीतील शिंपीणबाईंची.' खाली आधार म्हणून मुलाखत.

"जा," ते म्हणाले. "यंत्रावर चढवतो. आता यात काना-मात्रा बदलणार नाही."

८

म्हातारी खिडकीपाशी बसली होती. सूनबाईने खुर्ची पुढे ओढली, नात दाराला टेकून उभी राहिली. टाचणीने छापायच्या पानाची प्रत आजीच्या हातात दिली. आजींनी चष्मा लावून हळूहळू वाचलं. सूनबाईचे डोळे भरून आले. टाचणीला वाटलं, सुटलो एकदाचे.

"हे चुकलंय," आजी म्हणाल्या.

टाचणीने विचारलं, काय?

"चाल माझी कुठे? चाल आमच्या पडदा ओढणाऱ्याची. शब्द माझे."

सूनबाईने कपाळाला हात लावला. आई, राहू दे ना आता, म्हणाली, एवढ्या मुश्किलीने झालंय. आजी म्हणाल्या, राहू दे कसं? मग मालकात आणि माझ्यात फरक काय राहिला?

टाचणीने कचेरीत फोन लावला. पलीकडून यंत्राची घरघर ऐकू येत होती. तिने सांगितलं. पूर्णविराम जे म्हणाले ते कोशात घालण्यासारखं नव्हतं. ते ओसरल्यावर त्यांनी विचारलं की या नव्या गोष्टीला पुरावा काय, कुठे छापलंय, कोण साक्षीदार.

"साहेब, बाई स्वतःच्या ताटातलं काढून देतेय," टाचणी म्हणाली. "खोटं बोलणारा वाढून घेतो."

"ते मला पटतं. कागदाला पटत नाही."

आजींनी टाचणीला फोन आपल्यासमोर धरायला सांगितलं. म्हणाल्या, "त्यांना म्हणावं, पहिल्या ओळीत श्वास कुठे घेतात ते ऐका. 'शिडी लाव' वर नाही घेत. 'चं' वर घेतात, शब्दाच्या मधे. चंद्राचे दोन तुकडे करून. शब्द लिहिणारी बाई असं करील का? पडदा ओढताना तो गुणगुणायचा, तिथे त्याला दोरीचा हात बदलावा लागायचा. मी त्याच्या हातांवर शब्द बसवले."

आणि कळावं म्हणून त्यांनी म्हणून दाखवलं. आवाज गंजलेल्या बिजागरीसारखा निघाला, मग सुटला. बसल्या जागी त्यांचे दोन्ही हात जड दोरी ओढत होते, आणि नेमका 'चं' आला की वरचा हात खाली यायचा. साऱ्या गावाला पाठ असलेलं गाणं टाचणीने पहिल्यांदा ऐकलं. नात दारापासून निघाली आणि आजीच्या गुडघ्याशी येऊन तशीच दोरी ओढू लागली, चुकीच्या ठिकाणी हात बदलत, आणि आजींनी न थांबता तिचा हात धरून बरोबर जागी खाली आणला.

फोनमध्ये कोणीतरी ओरडून यंत्र बंद करायला सांगितलं. घरघर थांबली.

"पुढचं कडवं म्हणायला सांग," पूर्णविराम म्हणाले.